ऊन, जर्दाळू, एप्रिल

फोन आला तेव्हा मी केदारखेड्याला घराच्या ओट्यावर पाठीवर ऊन घेत बसलो होतो. फेब्रुवारी संपत आला होता, समोरच्या रानातला गहू पिवळा पडू लागला होता आणि सकाळचं हे कोवळं ऊन आता थोड्याच दिवसांचा सोबती आहे हे ओळखून मी ते जरा अधाशासारखंच खात होतो. पलीकडून जावेद बोलत होता, शफीसरांचा मुलगा. "पुंगळेकाका, अब्बा गेले..." मग म्हणाला, "गच्चीवरच गेले. उन्हातच. मी चहा घेऊन वर गेल्तो, तर वाटलं झोपले." अशा वेळी माणसं विचारतात, त्रास झाला का, कुणी जवळ होतं का, मय्यत कधी निघणार. मी यातलं काहीच विचारलं नाही. माझ्या तोंडून गेलं, "ऊन कुठवर आलं होतं?"

दुसरा कुणी असता तर म्हातारा भ्रमला असं समजला असता. जावेदनं मात्र सरळ उत्तर दिलं. "टाकीच्या पाइपापर्यंत आल्तं काका. खुर्चीवर पुरं होतं." मला तेवढंच हवं होतं. म्हणजे पोटभर झालं होतं त्यांचं. मी फोन ठेवला आणि तिथंच ओट्यावर, त्याच उन्हात, रडून घेतलं. ही विचित्र चौकशी मी का केली हे सांगायचं तर एका शब्दाची गोष्ट सांगावी लागेल. शब्द इंग्रजी आहे, क्रियापद आहे, आणि ते इंग्लंडातही आता फारसं कुणी वापरत नसावं. आम्ही दोघांनी मात्र ते जाफ्राबाद तालुक्यात आयुष्यभर वापरलं.

शफीसर टेंभुर्णीच्या शाळेत इंग्रजी शिकवायचे आणि मी मराठी. मी रुजू झालो तेव्हा थंडीचे दिवस होते. पहिल्या दिवशी लवकर पोचलो, तर शाळेच्या पूर्वेच्या भिंतीला टेकून एक उंच, सडपातळ गृहस्थ जमिनीवर बसलेले. चपला काढून बाजूला नीट जोडून ठेवलेल्या, डोळे मिटलेले, चेहरा वर केलेला. मला वाटलं, भोवळ आली असेल. जवळ जाऊन विचारलं, "बरं वाटत नाही का?" डोळे न उघडता ते म्हणाले, "बरं वाटून राह्यलं म्हणून तर बसलो. तुम्ही नवीन मराठीवाले ना? या जल्दी. ऊन शिळं होऊन राह्यलं." उन्हाला शिळं म्हणणारा माणूस मी तोवर पाहिला नव्हता. नव्या पँटची पर्वा न करता मी खाली बसलो. त्या भिंतीसमोर एक कडुनिंब होता. सूर्य वर चढायला लागला की त्याची सावली भिंतीवरून सरकत यायची आणि आम्हीही तिच्यापुढे सरकत जायचो. सावली खांद्याला लागली की शफीसर शेजारची जमीन हातानं थोपटायचे आणि म्हणायचे, "सर, सरका." मुलांनी त्याचं गाणंच केलं होतं, सर सरका, सर सरका... आम्ही दोघंही ऐकून न ऐकल्यासारखं करायचो.

त्यांचं इंग्रजी कुठून आलं याची कथा ते मजेत सांगायचे. घरात उर्दू, गल्लीत मराठी, आणि इंग्रजी जालन्याच्या भंगारातून. तरुणपणी ते जालन्याला शिकायला होते. लोखंडाच्या कारखान्यांकडे जाणारं भंगार जिथं उतरायचं, तिथं लोखंडाबरोबर पोत्यांनी रद्दीही यायची. त्या रद्दीत त्यांना एक जाडजूड इंग्रजी डिक्शनरी सापडली. पुठ्ठा गेलेला, आणि सुरुवातीची पानंही फाटून गेलेली. उरलेलं पहिलं पान एका भलत्याच शब्दापासून सुरू व्हायचं. ॲप्रिकेट. अर्थ, उन्हात सुखानं बसणं. ऊन खाणं. त्याच्या खाली ॲप्रिकॉट, म्हणजे जर्दाळू. आणि त्याच्या खाली एप्रिल. "सगळ्या दुनियेचं इंग्रजी ॲपलपासून सुरू होतं," ते म्हणायचे, "पण ॲपलचं पान आपल्या नशिबात न्हाई. आपलं सुरू होतं उन्हापासून." जर्दाळूला ते खुबानी म्हणत. कुणाच्या लग्नात खुबानीचं गोड असलं की ताटलीकडे बघून मला हळूच म्हणायचे, "घ्या पुंगळे सर, ऊन आणि एप्रिलच्या मधलं."

मी व्याकरणाचा माणूस. शब्द कळल्यावर माझा पहिला प्रश्न, "सकर्मक की अकर्मक?" शफीसर खूश झाले. असा प्रश्न त्यांना कुणी विचारला नव्हता. "बिलकुल अकर्मक. माणूस नुसता ॲप्रिकेट करतो. काय करतो, कुणाला करतो, काही विचारायचं न्हाई." मी म्हणालो, "मग आमचं बरं. आम्ही ऊन खातो. ऊन हे कर्म. हाताला काही लागतं तरी." त्यावर ते म्हणाले, "आमच्यातही धूप खातेतच की. इंग्रजाच्या देशात खाण्याइतकं ऊन मिळत नसंल, म्हणून बिचारा नुसताच बसत असंल." हा वाद हिवाळा आला की सुरू व्हायचा आणि होळीपर्यंत पुरायचा. मला वाटायचं, कर्तरी आणि कर्मणी हे तुमच्या-आमच्यासाठी, शफीसर उन्हात बसले की तो भावे प्रयोगच. तिथं कर्त्याचंही काही चालत नाही आणि कर्माचंही.

एका सकाळी ते ती डिक्शनरी पिशवीत घालून शाळेत घेऊन आले. चेहरा पडलेला. म्हणाले, "पुंगळे सर, तुम्ही जिंकले. दुसरा अर्थ हाये याला. मी इतकी वर्षं वाचलाच न्हाई." बारीक अक्षरात, अगदी शेवटी होता तो. एखाद्या वस्तूला किंवा कुणाला उन्हात ठेवणं. आपण गाद्यांना, गव्हाला ऊन दाखवतो तसं. म्हणजे सकर्मक! मी भिंतीला टेकून असा ऐटीत बसलो की विचारू नका. पण त्यांचं बोट त्या अर्थापुढच्या खुणेवर होतं. खुणेचा अर्थ, हा वापर आता राहिलेला नाही. "मेला हा अर्थ," ते म्हणाले. नात्यातलं कुणी गेल्याचं सांगावं तसं म्हणाले. मी म्हणालो, "मग आपण वापरू की." ते म्हणाले, "कुणावर?" आम्ही एकमेकांकडे पाहिलं आणि मोठ्यानं हसलो. तेवढ्यात घंटा झाली.

थंडीत ते मुलांनाही बाहेर उन्हात बसवून शिकवायचे. एकदा तपासणीला साहेब आले. सगळा वर्ग भिंतीशी रांगेनं डोळे मिटून बसलेला पाहून त्यांनी इंग्रजीत विचारलं, हे काय चाललंय? मुलांनी एका सुरात उत्तर दिलं, "सर, वी आर ॲप्रिकेटिंग!" साहेबांनी ते ॲप्रिशिएटिंग असं ऐकलं. कशाचं कौतुक करताय, त्यांनी विचारलं. "द सन, सर!" साहेबांचा चेहरा असा खुलला... या शाळेतल्या मुलांना निसर्गाचं फार कौतुक आहे, असा शेरा ते देऊन गेले. मुख्याध्यापकांनी पेढे मागवले. शफीसर पेढा खाताना माझ्याकडे बघत नव्हते. बघितलं असतं तर दोघांनाही ठसका लागला असता. नंतर एवढंच म्हणाले, "चुकीचं ऐकलं, पण खोटं न्हाई ऐकलं."

पुढे काय झालं, तर शब्द शाळेच्या फाटकातून बाहेर पडला. समोरचा चहावाला कुणी आम्हाला विचारायला आलं की सांगायचा, "सर आत न्हाईत, तिकडं भिंतीला परकेटला बसले." ॲप्रिकेटचं एप्रिकेट झालं, एप्रिकेटचं परकेट. मग बाजाराच्या दिवशी माणसं सहज म्हणू लागली, "थांब, जरा परकेट मारू." आधी शफीसरांना याचा त्रास झाला. उच्चाराच्या बाबतीत ते कडक होते, चहावाल्याला त्यांनी दोन-तीनदा दुरुस्तही करून पाहिलं. तो प्रत्येक वेळी "हां हां, परकेट" म्हणायचा आणि साखर ढवळायचा. शेवटी कंटाळून मला म्हणाले, "आपला शब्द उंडगा झाला, पुंगळे सर." मी म्हटलं, "होऊ द्या. घरात बसून तरी काय करणार होता?" त्यांच्या मिटलेल्या डोळ्यांखाली हळूहळू हसू आलं.

त्या सकाळी आता मला एकेक अशा वेगळ्या आठवतच नाहीत. सगळ्या मिळून एकच लांबलचक सकाळ झाली आहे. डोळे मिटले की पापण्यांच्या आत तांबूस उजेड भरायचा. भिंत रात्रभराचं गार सोडत सोडत पाठीला कोमट लागायची. कुठंतरी हापशाचा आवाज, कुणीतरी अंगण झाडतंय, दूर रस्त्यावर जाफ्राबादकडे जाणारी गाडी... आवाज यायचे आणि जवळून निघून जायचे, आपलं त्यांच्याशी काही काम नाही असं वाटायचं. मधेच शफीसर काहीतरी पुटपुटायचे, उर्दूतला एखादा शब्द, त्याला मराठीत काय म्हणाल असं विचारायचे, आणि मी उत्तर शोधेपर्यंत प्रश्नच विरघळून जायचा. मला कधी कधी आपण झोपलोय की जागे आहोत हे कळायचं नाही. खांद्याशी गारवा आला की लांबून त्यांचा आवाज यायचा, सर, सरका. मी डोळे मिटूनच सरकायचो. माझ्या आयुष्यातला किती मोठा भाग मी असा सरकण्यात घालवला! त्याचा मला कधीही पश्चात्ताप झालेला नाही.

निवृत्त झाल्यावर मी केदारखेड्याला शेतीकडे आलो. शफीसर जालन्याला जावेदकडे गेले. जावेद एमआयडीसीत लोखंडाच्या कारखान्यात आहे. आता रोज फोन. हिवाळ्यात सकाळी त्यांचा फोन आला की नमस्कार नाही, सलाम नाही, थेट प्रश्न, "खाल्लं का?" मी म्हणायचो, "खाऊन राह्यलो." माझ्या बायकोला सुरुवातीला वाटायचं, शफीसरांना माझ्या जेवणाची फार काळजी आहे. त्यांच्या तिथं गच्ची होती, ते वर जाऊन बसायचे, पण भिंत नव्हती, शेजार नव्हता. एकदा म्हणाले, "गावात तर कोण बसतंय आता तिथं. परकेट बंद पडलं असंल कवाच. हा शब्द आता तुमच्या-माझ्यातच राह्यला, पुंगळे सर. एक गेला की दुसऱ्यानं कुणाशी बोलायचं?" मी विषय बदलला. जालन्यात तुरीचा भाव काय निघालाय ते विचारलं, जावेदच्या पोरांचं विचारलं. पण फोन ठेवल्यावर तो प्रश्न माझ्याजवळच राहिला.

गेल्या हिवाळ्याच्या तोंडाला त्यांचे फोन बंद झाले. अर्धांगवायूचा झटका आला होता. उजवा हात गेला आणि बोलणं गेलं. मी भेटायला जायचं म्हणत होतो, तर माझंच गुडघ्याचं दुखणं निघालं, आणि जाईपर्यंत थंडी कडाक्याची पडली होती. जावेदचं घर दुसऱ्या मजल्यावर. सर आतल्या खोलीत होते. दिवसाही तिथं दिवा लावलेला. खिडकीला लागून पलीकडच्या इमारतीची भिंत, एवढी जवळ की हात लांब केला तर लागेल. पांघरुणात शफीसर केवढेसे दिसत होते. जावेद मला बाहेरच थांबवून हळूच म्हणाला, "काका, त्यांना काही समजून राह्यलं का न्हाई, ते डॉक्टरलाही सांगता येत न्हाई. दिवसभर एकच, एप्रिल, एप्रिल करतेत. रुखसानाला एप्रिलमधी सुट्टी लागते ना, तिची वाट पाहून राह्यले, दुसरं काय." रुखसाना म्हणजे सरांची मुलगी, लांब हैदराबादला दिलेली. जावेदची बायको शबाना पदरानं डोळे पुसत म्हणाली, "हम बोलते अब्बा, आती वो एप्रिल में, तो और गुस्सा होते. अब तो खाना भी छोड़ दिए." ती दोघं त्यांना जपत होती, त्यात काही कमी नव्हतं. पण ती जेवढी समजूत घालत तेवढे सर भिंतीकडे तोंड करून घेत, आणि सगळ्यांनी हळूहळू मनाशी ठरवत आणलं होतं की आत आता फारसं कुणी उरलेलं नाही.

मी खाटेजवळ बसलो. सवयीनं, काही न ठरवता, तोंडून गेलं, "सर, खाल्लं का?"

त्यांनी मान वळवली. माझ्याकडे बघितलं, असं बघितलं की ते आत पुरेपूर आहेत याबद्दल मला शंकाच राहिली नाही. मान हलवली, नाही. डाव्या हातानं माझी बाही धरली. "एप्रि..." शबाना मागून म्हणाली, "वोहीच, देखो काका." त्यांनी रागानं पुन्हा मान हलवली, ओठ एका बाजूला ओढले जात होते, "एप्रि... के..." आणि त्यांची नजर खिडकीकडे गेली. तिथं, पलीकडच्या भिंतीवर अगदी वरच्या बाजूला, उन्हाची एक बोटभर पट्टी होती. खाटेवरून तेवढंच दिसत होतं. एकदम फाटक्या डिक्शनरीचं ते पहिलं पान माझ्या डोळ्यांपुढे आलं. मी उठलो ते गुडघा विसरून. "जावेद, खुर्ची आण. त्यांना एप्रिल नको, ऊन पाहिजे."

जावेद म्हणाला, थंडी लागू देऊ नका असं सांगितलंय. मी म्हणालो, "मग त्यासाठीच चल." शेजारच्या एकाला हाक मारून दोघांनी त्यांना खुर्चीसकट उचललं आणि जिना चढून वर नेलं. मी मागून त्यांची रजई सांभाळत. गच्चीवर शबानानं सकाळीच गोधड्या कठड्यावर वाळत टाकल्या होत्या. त्यांच्या शेजारी खुर्ची ठेवली, चेहरा पूर्वेला करून. ऊन अंगावर आलं तसे सरांचे डोळे आपोआप मिटले. कपाळावरची आठी गेली. एमआयडीसीकडून धुराची रेघ येत होती, खाली कुणीतरी मोटारसायकल सुरू करत होतं, आणि त्या सगळ्यावर ते जुनं, शाळेतलं ऊन पसरलं होतं... मी खाली वाकून त्यांच्या कानाशी म्हणालो, "सर, दुसरा अर्थ. सकर्मक. आज तुमच्यावर वापरला." त्यांच्या तोंडाची अर्धी बाजू हसली. अर्धीच हसली, पण ते हसू पुरं होतं.

जावेदला मी त्यांच्या कपाटातून डिक्शनरी काढायला लावली आणि पहिलं पान दाखवलं. ऊन, जर्दाळू, एप्रिल. "तुम्ही बरोबर पानावर होतात रे," मी म्हणालो, "फक्त दोन ओळी खाली." तो गच्चीवरच पान हातात धरून बसला. म्हणाला, "काका, ते रोजचं ऊन मागून राह्यले, आन् आम्ही त्यांना एप्रिलची वाट पाहा म्हणून राह्यलो..." आणि एवढा बाप्या माणूस, भट्टीपुढे काम करणारा, लेकरासारखा रडला. मी त्याला रडू दिलं. तेवढ्यात पाण्याच्या टाकीची सावली खुर्चीच्या पायाशी आली. शफीसरांनी डोळे किंचित उघडले, डाव्या हातानं खुर्चीचा हात थोपटला आणि म्हणाले, "सरका." स्वच्छ म्हणाले, एक अक्षर अडखळलं नाही. आम्ही खुर्ची सरकवली.

त्यानंतर जावेद कामावर जायच्या आधी त्यांना रोज वर नेऊ लागला. त्याची पाळी बदलली की शबाना शेजाऱ्यांना हाक मारायची. ते जेवू लागले. नवे शब्द फारसे परत आले नाहीत, पण आता त्यांची गरज नव्हती. मी सकाळी फोन करायचो, जावेद तो त्यांच्या कानाला लावायचा, मी विचारायचो, "खाल्लं का?" आणि पलीकडून एक हुंकार यायचा. पोट भरलेल्या माणसाचा हुंकार. मी उन्हात, ते उन्हात, मधे सगळा जिल्हा उन्हात. असा तो हिवाळा गेला, आणि तो जाता जाता शफीसर गेले.

दफन टेंभुर्णीलाच केलं, त्यांच्या वडिलांशेजारी. त्या गर्दीत मी कुठंच थांबलो नाही, सरळ घरी आलो. मग आता एप्रिल लागला आणि चाळिसाव्यासाठी पुन्हा गेलो. रुखसाना आली होती. सगळ्यांनी सांगितलं होतं तशी, बरोबर एप्रिलमध्ये. तिला पानाची गोष्ट जावेदनं सांगितलेली. तिनं स्वतःच्या हातानं खुबानीचं गोड केलं होतं, अब्बांच्या आवडीचं म्हणून. वाटी तिनं माझ्या हातात दिली. मी ती शेवटच्या घासापर्यंत संपवली. रात्री त्यांच्या पुतण्यांनी आग्रहानं ठेवून घेतलं.

सकाळी उजाडताच मी शाळेकडे निघालो. सुट्टीचा दिवस होता, फाटक नुसतं लोटलेलं. भिंतीला मधे कधीतरी नवा रंग दिला आहे, कडुनिंब मात्र तोच. एप्रिलचं ऊन, तासाभरात ते अंगावर धावून येणार होतं, पण तेव्हा अजून माणसाळलेलं होतं. आमच्या जागेपाशी एक तरुण बाई पाय लांब करून बसली होती, मांडीवर तेल लावून चोळलेलं दोनेक महिन्यांचं लेकरू. समोरच्या घरातली असावी. मला ओळखत नव्हती, मीही तिला ओळखत नव्हतो. मी जरा अंतर ठेवून भिंतीला टेकलो, चपला काढून बाजूला ठेवल्या. काहीतरी बोलायचं म्हणून म्हटलं, "लेकराला घेऊन सकाळीच आलीस?"

"मंग, ऊन तापल्यावर येऊ का?" ती म्हणाली. "परकेट करून राह्यले याला."

मी तिच्याकडे बघतच राहिलो. परकेट मारून नाही, परकेटला बसून नाही. याला. या लेकराला. मी विचारलं, "हा शब्द कुठला गं?" तिला माझा प्रश्न वेड्यासारखा वाटला असणार. "कुठला म्हंजे? आपलाच की. माझी सासू रोज म्हणती, पोराला परकेट कर, हाडं बळकट होतेत." माझा हात खिशातल्या फोनकडे गेला. खरंच गेला. सर, मेला नाही तुमचा दुसरा अर्थ, टेंभुर्णीत सकाळ-सकाळी तेल लावून मांडीवर घेतात त्याला, असं सांगायचं होतं. कुणाशी बोलायचं म्हणालात ना, हे बघा... मग आठवलं. मी हात तसाच खिशात ठेवून डोळे मिटले. पापण्यांच्या आत तोच तांबूस उजेड होता. हापसा कुणीतरी चालवत होतं. मला वाटलं, किंवा मी क्षणभर तसं वाटू दिलं, की शेजारी कुणीतरी टेकून बसलंय आणि आता काहीतरी पुटपुटेल.

खांद्याला गारवा लागला. "बाबा," ती बाई म्हणाली, "सरका. सावली आली."

मी सरकलो. तीही सरकली, पण थोडी कमी. आमच्या दोघांच्या मधे एका माणसापुरती जागा मोकळी राहिली आणि तिच्यावर ऊन आलं. तिनं तिथं दुपटं पसरलं आणि लेकराला त्यावर ठेवलं.